ओळ नसलेलं चित्र

चित्राखाली एक अक्षर नाही आणि तरी माणसं हसतात, हे होतं कसं? एवढंच बघायला मी वाचनालयातल्या जुन्या दिवाळी अंकांच्या कपाटापाशी जाऊन बसले. सोबत व्यंगचित्रं काढणारी एक तरुण मुलगी होती. ती म्हणाली, "आता वाचकाकडे तीन सेकंद असतात. तेवढ्यात कळलं तर कळलं."

'मोहिनी'चं 1952चं मुखपृष्ठ समोर आलं. व्यंगचित्रकार शि. द. फडणीसांचं. तरुणाच्या कपड्यांवर मांजरं, तरुणीच्या कपड्यांवर उंदीर. बस्स! दोघं तोंडातून चकार शब्द काढत नाहीत, मनातलं सगळं कापडच बोलून जातं. तीन सेकंद पुरले. पण पुढचे अंक चाळताना माझा हात पुन्हा पुन्हा त्याच चित्राकडे जात होता. रेष स्वच्छ, रंग सपाट, फापटपसारा नाही. काय काढलं यापेक्षा काय गाळलं, हेच बघत राहावंसं वाटतं.

फडणीसांचा 29 जुलै 1925 रोजी बेळगाव जिल्ह्यातल्या भोज गावी जन्म, मुंबईच्या जे. जे. कला महाविद्यालयात शिक्षण आणि पुढे पुणं. दिवाळी अंकांवर देखण्या स्त्रियांची चित्रं झळकत होती, त्या काळात 'मोहिनी'चे संपादक अनंत अंतरकर यांनी हे हसरं चित्र थेट मुखपृष्ठावर घेतलं. त्या धाडसाचं श्रेय अंतरकरांना द्यायलाच हवं. मग पु. ल. देशपांड्यांच्या 'अपूर्वाई' या प्रवासवर्णनातली चित्रं आली, 1965पासून 'हसरी गॅलरी'ची प्रदर्शनं सुरू झाली. आयुष्याकडे मागे वळून बघताना फडणीसांनी 'रेषाटन' हे आत्मकथन लिहिलं. 2025मध्ये शंभरी पूर्ण झाली.

मला मात्र सगळ्यात मोलाची वाटतात ती शाळेच्या गणिताच्या पुस्तकांतली त्यांची चित्रं. तिथे तीन सेकंदांचा हिशेब चालत नाही. गणिताला घाबरणारं पोर चित्रापाशी रेंगाळतं आणि रेंगाळता रेंगाळता उदाहरणाला हात घालतं.

तीन सेकंद वाचकाचे असतात, चित्रकाराचे नव्हेत. ओळ न लिहिणं म्हणजे वाचकाच्या अकलेवर विश्वास टाकणं. फडणीसांनी तो जन्मभर टाकला. आज चित्रात बाण काढून नावं लिहिणाऱ्यांना तो टाकवत नाही, असं माझं स्पष्ट मत आहे.

घरात असे जुने अंक असतील तर रद्दीत घालू नका. मुलांपुढे उघडून ठेवा. आणि कृपा करून विनोद समजावून सांगू नका.