खरी बाजू मुदतीअभावी बुडू देऊ नका



वापसा निघून गेला की चांगलं बियाणंही वाया जातं. कोर्टकचेरीतही तसंच आहे. बाजू खरी असते, पण अर्ज मुदतीत नसतो किंवा सोबत आदेशाची नक्कल नसते, आणि प्रकरण निकाली निघतं.

आपल्याच राज्यातलं उदाहरण घ्या. 1971-72 मध्ये टंचाईच्या कामासाठी सरकारने आपली जमीन मोबदला न देता घेतली, अशी एका शेतकऱ्याची तक्रार होती. त्याने उच्च न्यायालयात अर्ज केला 1991 साली. तिथे तो जिंकला. पण सरकार सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि 1995 साली तो आदेश रद्द झाला. कारण, वीस वर्षांचा उशीर.

मीरा-भाईंदरला शांती नगरसारख्या वसाहती झाल्या, जमिनीला भाव आला. भाव आला की फेरफाराचे, वाटेचे आणि संपादनाचे तंटेही येतात. म्हणून पुढील मुदती घरातल्या कॅलेंडरवर लिहून ठेवा.

1. फेरफार किंवा तहसीलदारांचा आदेश मान्य नसेल, तर प्रांतसाहेबांकडे अपील 60 दिवसांत करावे. दिवस मोजायचे ते आदेश मिळाल्यापासून. नक्कल मिळवण्यात गेलेले दिवस वजा होतात. त्यासाठी नकलेचा अर्ज दिल्याची आणि नक्कल हातात पडल्याची, दोन्ही तारखा जपा.

2. शेजाऱ्याने वाट किंवा पाणी अडवलं, तर 1906 च्या मामलेदार कोर्ट कायद्याखाली तहसीलदारांकडे 6 महिन्यांच्या आत जावे.

3. भूसंपादनाचा मोबदला कमी वाटला, तर 2013 च्या कायद्याप्रमाणे निवाड्याच्या वेळी हजर असणाऱ्याने 6 आठवड्यांत जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज करावा. हजर नसल्यास नोटीस मिळाल्यापासून 6 आठवडे किंवा निवाड्यापासून 6 महिने, यांपैकी जी मुदत आधी संपेल ती धरावी. पैसे उचलताना ‘हरकत राखून स्वीकारले’ असं लिहूनच सही करा. मुकाट्याने पैसे घेतले तर जादा मागण्याचा हक्क जातो.

4. दिवाणी दाव्याच्या तारखेला गैरहजर राहिल्याने दावा काढून टाकला गेला, तर तो पुन्हा लावण्याचा अर्ज 30 दिवसांत द्यावा.

अपिलाला उशीर झालाच, तर गप्प बसू नका. अपिलासोबत विलंब माफीचा अर्ज द्या. कारण खरं लिहा आणि पुरावा जोडा. आजारपण असेल तर दवाखान्याचे कागद लावा. ‘कामात होतो’ एवढ्यावर भागत नाही.

कचेरीत कागद दिला की पोच घ्या. शिक्का आणि तारीख तिथेच पाहून घ्या. वकिलाची फी परवडत नसेल, तर तालुका विधी सेवा समितीकडे जा. महिलांना, अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना आणि कमी उत्पन्न असणाऱ्यांना तिथे मोफत वकील मिळतो.

पेरणीची तारीख आपण चुकवत नाही. अपिलाचीही चुकवू नका.