तपास कोणाच्या हाती?

फौजदारी खटल्याचा पाया न्यायालयात नव्हे, पोलीस ठाण्यात घातला जातो. फिर्याद कशी लिहिली, पंचनामा कधी केला, शवविच्छेदन कोणी केले यावर पुढचा निकाल उभा असतो. म्हणूनच ‘हे पोलीस पक्षपाती आहेत, तपास दुसऱ्याकडे द्या’ अशी मागणी घेऊन माणसे उच्च न्यायालयात कलम २२६ खाली, नाहीतर थेट सर्वोच्च न्यायालयात कलम ३२ खाली जातात. हे कलम ३२ म्हणजे बाबासाहेबांनी ज्याला संविधानाचा आत्मा म्हटले, तेच.

मागणी मान्य होणे मात्र सोपे नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने फेब्रुवारी २०१० मध्ये पश्चिम बंगालच्या प्रकरणात ठरवून टाकले, की राज्याची संमती नसली तरी न्यायालय सीबीआयकडे तपास देऊ शकते. पण हा अधिकार अपवादानेच वापरायचा, केवळ आरोप केला म्हणून नाही. सोहराबुद्दीन चकमक प्रकरणात गुजरात पोलिसांचे आरोपपत्र दाखल झाल्यावरही त्याच वर्षी जानेवारीत तपास सीबीआयकडे गेला होता. उलट भीमा कोरेगाव प्रकरणातील अटकांबाबत रोमिला थापर आदींनी स्वतंत्र पथक मागितले, तेव्हा सप्टेंबर २०१८ मध्ये दोन विरुद्ध एक मतांनी ते नाकारले गेले. आरोपीला तपास यंत्रणा निवडता येत नाही, असे बहुमताने सांगितले. तपास चालू असतानाच पत्रकारांना पुरावे दाखवत सुटलेल्या पोलिसांवर न्या. चंद्रचूड यांनी बोट ठेवले, पण ते भिन्नमतात.

आरोपीने यंत्रणा निवडू नये, हे एकवेळ मान्य. पण ज्याच्या घरातली माणसे मारली गेली, त्याने काय करावे?

खैरलांजी आठवा. २९ सप्टेंबर २००६. भोतमांगे कुटुंबातील चौघांची गावाने हत्या केली. आधीच्या मारहाणीच्या प्रकरणात सुरेखाताईंनी साक्ष दिली होती, त्यातले आरोपी त्याच दिवशी जामिनावर सुटून आले होते. पहिले शवविच्छेदन इतके संशयास्पद ठरले, की प्रियंकाचा मृतदेह उकरून पुन्हा करावे लागले. समाज रस्त्यावर उतरला, लाठ्या खाल्ल्या, तेव्हा कुठे नोव्हेंबरमध्ये तपास सीबीआयकडे गेला. पण तोवर दीड महिना उलटला होता. गेलेला पुरावा सीबीआय कुठून आणणार? सप्टेंबर २००८ मध्ये भंडाऱ्याच्या न्यायालयाने आठ जणांना दोषी धरले, सहांना फाशी सुनावली. ॲट्रॉसिटी कायदा मात्र लागू झाला नाही. जुलै २०१० मध्ये नागपूर खंडपीठाने फाशीची २५ वर्षांची जन्मठेप केली आणि कारण सूडाचे ठरवले, जातीचे नव्हे. यंत्रणा बदलली, जात दिसलीच नाही. भैयालाल भोतमांगे जानेवारी २०१७ मध्ये गेले.

आणि आरोप पोलिसांवरच असेल तर? परभणीचा सोमनाथ सूर्यवंशी हा कायद्याचा विद्यार्थी १५ डिसेंबर २०२४ रोजी न्यायालयीन कोठडीत मरण पावला. आईला उच्च न्यायालयात जावे लागले. ४ जुलै २०२५ रोजी औरंगाबाद खंडपीठाने पोलिसांवर गुन्हा नोंदवण्याचा आदेश दिला. तो मान्य करण्याऐवजी सरकार दिल्लीला गेले, आणि ३० जुलैला तिथेही हरले. गुन्हा नोंदवायलाच साडेसात महिने! पोलिसांची चौकशी पोलिसांनी करू नये, हे समजायला कायद्याची पदवी लागते काय?

ॲट्रॉसिटी कायद्यात कलम ४ आहे. कर्तव्यात कसूर करणाऱ्या अधिकाऱ्याला शिक्षा होऊ शकते. पण त्याआधी प्रशासकीय चौकशीची शिफारस हवी, म्हणजे पुन्हा साहेबांच्याच दारात! हे कलम वापरले गेले असते, तर तपास बदलून मागायची वेळ किती जणांवर आली असती?

म्हणून आमच्या कार्यकर्त्यांना सांगणे आहे, की घटना घडली की पहिल्या दिवसापासून कागद जमवा. तपास उपअधीक्षक दर्जाचाच अधिकारी करतो आहे ना, ते पाहा. नियम ७ तसे सांगतो. कलम १५-अ खाली कार्यवाहीचे चित्रीकरण लेखी मागा. फिर्याद घेतली नाही तर अधीक्षकांना अर्ज द्या आणि तारीख-शिक्क्यासह पोच घ्या. उद्या याचिका करायची झाली, तर न्यायमूर्ती विचारणार, पक्षपाताचा पुरावा काय? तेव्हा ही पोचच दाखवावी लागते.