सही नाही म्हणून खरेदीखत रद्द?

पंजाबातल्या लुधियाना तालुक्यातील एका शेतकऱ्याने १९६० साली आपली १६४ कनाल जमीन १९,५०० रुपयांना विकली. जमीन वडिलोपार्जित आहे, विकायची काही गरज नव्हती, असे म्हणत मुलाने १९६४ मध्ये दावा लावला. सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला २० ऑगस्ट २०१८ रोजी. मूळ वादी तोवर हयात नव्हता. वारस खटला चालवत होते. ते हरले. बापावर कर्ज होते आणि उरलेल्या शेतीच्या सुधारणेला पैसा हवा होता, हे कोर्टाला पटले.

आपल्याकडे दिवाणी कोर्टाच्या आवारात रोज ऐकू येते, ‘माझी सही नसताना जमीन विकलीच कशी?’ पण हिंदू एकत्र कुटुंबाच्या जमिनीत निव्वळ सही नसल्याने खरेदीखत पडत नाही. कोर्ट तीन गोष्टी पाहते: जमीन कोणाची होती, का विकली आणि दावा केव्हा लावला.

जमीन कोणाची?

आजोबांकडून आलेली प्रत्येक जमीन कायद्याच्या अर्थाने वडिलोपार्जित नसते. आजोबांनी स्वकष्टाने घेतलेली जमीन १९५६ च्या हिंदू वारसा कायद्यानंतर वारसाने वडिलांकडे आली असेल, तर ती वडिलांची स्वतंत्र मिळकत ठरते, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८६ आणि १९८७ च्या निकालांत सांगितले. अशी जमीन वडिलांनी विकली तर मुलांना तक्रारीला जागा नाही. म्हणून आजोबा केव्हा वारले आणि जमीन त्यांच्याकडे कशी आली, हे जुन्या फेरफारांतून आधी शोधावे. फेरफार हा महसुली नोंदीचा कागद. त्याने मालकी मिळत नाही आणि जातही नाही.

मुलींचा जन्मसिद्ध हक्क २००५ च्या दुरुस्तीने आला. दुरुस्ती लागू झाली त्या दिवशी वडील हयात असण्याची अट नाही, हे २०२० च्या विनीता शर्मा निकालाने स्पष्ट केले. मात्र २० डिसेंबर २००४ पूर्वी झालेल्या विक्रीला या दुरुस्तीच्या आधारे हात लावता येत नाही.

का विकली?

कुटुंबाचा कर्ता कर्जफेड, लग्न, आजारपण, सरकारी देणी अशा कायदेशीर गरजेसाठी किंवा मिळकतीच्या हितासाठी सगळ्यांची जमीन विकू शकतो. गरज होती, किंवा आपण तशी प्रामाणिक चौकशी केली होती, हे खरेदीदाराने सिद्ध करायचे, हा नियम प्रिव्ही कौन्सिलच्या १८५६ च्या निकालापासून चालत आला आहे. कर्त्याविरुद्ध विक्रीआधी मनाई मिळवणे सहसा जमत नाही. विक्री झाल्यावर तिला आव्हान द्यायचे, असे १९८८ चा निकाल सांगतो.

विकणारा कर्ता नसून एखादा भाऊ असेल तर? जुन्या मुंबई इलाख्याच्या परंपरेने सहहिस्सेदार आपला अविभक्त हिस्सा मोबदला घेऊन विकू शकतो. खरेदीदाराला मात्र ठरावीक बांध नव्हे, वाटप मागण्याचा हक्क मिळतो. त्यामुळे गरज सिद्ध झाली नाही, तरी कोर्ट बहुधा पूर्ण व्यवहार मोडत नाही; ‘वादीच्या हिश्श्यापुरते खरेदीखत बंधनकारक नाही’ असे जाहीर करून वाटपाचा हुकूम देते.

गोव्यात वेगळा कायदा आहे. १८६७ च्या पोर्तुगीज नागरी संहितेतून आलेल्या पद्धतीनुसार नवरा किंवा बायको जोडीदाराच्या संमतीविना स्थावर विकू शकत नाही. तिथे सही खरोखरच निर्णायक ठरते.

केव्हा?

बापाने केलेल्या विक्रीविरुद्ध मुलाला, खरेदीदाराने ताबा घेतल्यापासून १२ वर्षे मिळतात. दस्त रद्द करून मागायचा तर वस्तुस्थिती कळल्यापासून ३ वर्षे. अज्ञानाची स्वतःची जमीन पालकाने कोर्टाच्या परवानगीविना विकली असेल, तर सज्ञान झाल्यावर ३ वर्षांच्या आत पाऊल उचलावे. अविभक्त हिश्श्याला मात्र ही परवानगीची अट लागू नाही.

विक्री झाल्याचे कळताच दुय्यम निबंधकांकडून खरेदीखताची आणि सूची क्रमांक दोनची नक्कल काढावी. फेरफाराची नोटीस लागली असेल तर १५ दिवसांत तलाठ्याकडे लेखी हरकत द्यावी. दाव्यात वाटप, जाहीर ठराव आणि मनाई हुकूम एकत्र मागावा. सर्व हिस्सेदार पक्षकार करावेत आणि कुटुंबाच्या सगळ्या मिळकती घालाव्यात. अर्धवट वाटपाचा दावा तिथेच अडकतो.

महाराष्ट्रात आणखी एक गोष्ट हमखास राहून जाते. १९३९ च्या मुंबई दुरुस्तीमुळे इथे लिस पेंडन्सची, म्हणजे दावा प्रलंबित असल्याची, नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवावी लागते. ती नसेल, तर दावा चालू असताना जमीन घेणाऱ्या तिसऱ्या माणसावर निकाल आपोआप बंधनकारक होत नाही आणि जिंकूनही नवा खटला वाट्याला येऊ शकतो.

तेव्हा भावकीत कुणी जमीन विकायला काढल्याचे कानावर आले, तर चावडीवर भांडण्याआधी आजोबांपासूनचे सातबारा आणि फेरफार काढा आणि ते घेऊन वकिलाकडे जा. दाव्याचा पाया त्या कागदांवर उभा राहतो आणि मुदत कुणासाठी थांबत नाही.