कौटुंबिक विनोदाचे पटकथाकार (लेखांक ४) : वसंत सबनीस

वसंत सबनीस यांचे मूळ नाव रघुनाथ दामोदर सबनीस. जन्म 1923, सोलापूर. शासनाच्या प्रसिद्धी खात्यात नोकरी करता करता त्यांनी विनोदी कथा, लेख आणि नाटके लिहिली. पटकथेकडे ते वळले ते तमाशाच्या वाटेने, आणि ती वाट त्यांनी पुढेही सोडली नाही.

‘विच्छा माझी पुरी करा’ हे त्यांचे लोकनाट्य 1965 मध्ये रंगभूमीवर आले. मुळात तो ‘छपरी पलंगाचा वग’. कोतवालाची जागा रिकामी होते, हक्क हवालदाराचा. पण प्रधान आपल्या मेव्हण्याची वर्णी लावतो. मग हवालदाराच्या कटात सामील मैनावती त्या नव्या कोतवालाकडे थेट राजाचा पलंगच मागते आणि गडी आपण होऊन सापळ्यात शिरतो. गरजू माणसाने रचलेले कारस्थान आणि ते निभावताना उडणारी धांदल, हेच सबनीसांच्या विनोदाचे यंत्र. हवालदाराच्या भूमिकेने दादा कोंडके घराघरांत पोचले. दादांनी निर्मिलेल्या ‘सोंगाड्या’ची (1971) पटकथाही सबनीसांचीच. विनोद अर्थात गावरान, जरा चावट.

तोच लेखक पुढे दिग्दर्शक सचिन यांच्याबरोबर शहरी, सहकुटुंब पाहण्याच्या चित्रपटांकडे आला. ‘गंमत जंमत’मध्ये (1987) पैशांसाठी अपहरण करणारे दोन मित्र आहेत, ‘अशी ही बनवाबनवी’मध्ये (1988) प्रश्न त्याहून साधा, राहायला खोली नाही. मूळ गोष्ट हृषीकेश मुखर्जींच्या ‘बीवी और मकान’ची (1966). हिंदीत ती फारशी चालली नव्हती. सबनीसांनी ती पुण्यात आणली आणि पक्की पुणेरी केली.

घरमालकीण लीलाबाई काळभोर जागा देणार ती जोडप्यांनाच. म्हणून खोली शोधणाऱ्या मित्रांपैकी परशुरामची पार्वती होते, सुधीरची सुधा. विरार-नालासोपाऱ्यात खोली शोधणाऱ्या एकट्या मुलालाही ‘फक्त फॅमिलीला’ ही अट नवी नाही, त्यामुळे प्रसंग जुना वाटत नाही. पुरुषाने लुगडे नेसणे तमाशातल्या प्रेक्षकाला ओळखीचे होतेच. सबनीसांनी त्यातला चावटपणा काढून तिथे भीती घातली, कुठल्याही क्षणी बिंग फुटेल ही. आधीचे घरमालक विश्वासराव सरपोतदार आपल्या औषधासाठी दिलेले सत्तर रुपये मागतात तो प्रसंग पाहावा. त्यांचा भाडेकरू धनंजय माने सांगतो की औषध आणून देणारा मित्रच वारला. मित्र गेला, आणि त्याच्याबरोबर रुपयेही. माने झालेले अशोक सराफ आणि सरपोतदार झालेले सुधीर जोशी दोघेही चेहरा गंभीर ठेवतात, आणि रचनेने ही तमाशातली शुद्ध बतावणी आहे: सवाल सरळ, जवाब तिरका, आणि जवाबातूनच पुढचा सवाल. पडद्यावर नुसते बोलणे इतका वेळ चालू देणे धाडसाचे. मराठीत ते इतके क्वचितच साधले आहे.

‘विच्छा’ हिंदीत ‘सैंया भये कोतवाल’ म्हणून गाजले. ‘बनवाबनवी’ 1991 मध्ये तेलुगूत गेली. सबनीसांचे निधन 2002 मध्ये झाले.