दगडातला मासा



आपल्याकडे विहीर खणताना आधी काळी माती, मग मुरूम, मग काळा पाषाण लागतो. हा पाषाण म्हणजे सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वी जमिनीतून वर आलेला व थंड झालेला लाव्हारस. उकळत्या रसात मासा कसा टिकणार?

पण आपल्याच महाराष्ट्रात, गडचिरोली जिल्ह्याच्या सिरोंचा तालुक्यात, प्राणहिता नदीकाठी कोटा नावाचं गाव आहे. तिथल्या चुनखडीच्या दगडात मासे सापडले. ते आपल्या काळ्या पाषाणाहूनही जुने, सुमारे 17 ते 18 कोटी वर्षांपूर्वीचे!

त्यातल्या एका माशाचं नाव लेपिडोटिस डेक्कनेन्सिस. लेपिडोटिस म्हणजे खवल्यांनी मढलेला आणि डेक्कनेन्सिस म्हणजे दख्खनचा. इंग्लंडचे शास्त्रज्ञ इजर्टन यांनी 1851 साली त्याचं वर्णन केलं. त्याचे खवले जाड, तिरपे चौकोनी, घरावरच्या कौलांसारखे ओळीत बसवलेले. वरून दातासारखी चकाकी. आपल्या तापी-गिरणेतल्या रोहूच्या परांत छत्रीसारख्या बारीक काड्या असतात ना, तशाच याच्याही परांत होत्या. म्हणजे तो रोहूचा फार दूरचा नातलग. आज मात्र लेपिडोटिसच्या कुळातला एकही मासा जिवंत नाही.

तो दगडात शिरला कसा? मासा मेला, संथ पाण्याच्या तळाशी गेला. वर चुन्याचा बारीक गाळ बसला, थरावर थर चढले. हळूहळू गाळाचा दगड झाला आणि मासा आत राहिला. कोट्याच्याच खडकांच्या थरांत, नदीपलीकडे, बारापासोरस या प्रचंड प्राण्याची हाडं मिळाली. त्याचा सांगाडा कोलकात्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेत उभा आहे.

आता कोणी म्हणेल, मेलेल्या माशाचं एवढं काय कौतुक? अहो, त्या काळी लिहिणारा माणूसच नव्हता. तेव्हा तिथं पाणी होतं, त्यात मासे होते, हे सांगायला फक्त तो दगडच आहे. तो फोडला, विकला, की पुस्तकाचं पान फाटलं. दुसरी प्रत मिळत नाही.

आपल्या जळगाव जिल्ह्यातही चाळीसगावजवळ पाटणे इथं मातीच्या थरांत शहामृगाच्या अंड्यांची कवचं मिळाली. म्हणजे आपल्या जमिनीतही पानं आहेत! म्हणून शेतात, नाल्यात हाडासारखा किंवा नक्षी असलेला दगड दिसला तर फोडू नका. जागा लक्षात ठेवा आणि गुरुजींना सांगा. आईबाबांनीही एवढं ध्यानात ठेवावं, ही विनंती.