पानाच्या डाव्या बाजूला मोझरेला

मीठ, लिंबाची फोड, चटणी, लोणचं, कोशिंबीर. पानाच्या डाव्या बाजूला जे काही वाढलं जातं ते सगळं चमचाभर, चिमूटभर, आणि त्यातलं बरंचसं चुलीवर न चढलेलं. इटलीतल्या कॅप्री बेटाचं नाव लावणारा 'कॅप्रेझे' हा प्रकार खरं तर इथलाच. पिकल्या टोमॅटोच्या चकत्या, ताज्या मोझरेला चीजच्या चकत्या, बेसिलची पानं, वरून मीठ आणि ऑलिव्हचं तेल. लाल, पांढरा, हिरवा असे इटलीच्या झेंड्याचे तिन्ही रंग बशीत येतात, म्हणून इटालियनांना त्याचं भारी कौतुक. आपल्याकडे मात्र तो मेन्यूकार्डातून आला आणि त्यामुळे उगाच साहेबी होऊन बसला. जात कोशिंबिरीची, भाव मेजवानीचा.

यात फोडणी नाही, कूट नाही, दही नाही. टोमॅटो पांचट असला तर तो पांचटच लागणार, आणि चीज रबरी असलं तर ते चघळतच बसावं लागणार. पदार्थ चांगला की वाईट याचा निकाल शेतात आणि गोठ्यात लागून गेलेला असतो. म्हणूनच शहरातल्या एखाद्या कॅफेपेक्षा सांगली जिल्ह्यातल्या पलूसला तो जास्त चांगला जमायला हवा, असं माझं म्हणणं आहे.

सुरुवात म्हशीपासून करू. मोझरेलाचा अस्सल प्रकार म्हशीच्या दुधाचा. इटलीच्या दक्षिणेकडे कांपानिया प्रांतात तो बनतो आणि १९९६ पासून युरोपीय संघाने तिथल्या म्हशीच्या मोझरेलाच्या नावाला संरक्षण दिलं आहे, जसं आपल्याकडे भौगोलिक मानांकन देतात तसं. गायीच्या दुधात साधारण साडेतीन-चार टक्के फॅट, म्हशीच्या दुधात सात-आठच्या घरात. शिवाय म्हशीच्या दुधाला गायीच्या दुधासारखी पिवळट झाक नसते, त्यामुळे चीज शुभ्र होतं. आता गंमत अशी की ही पाण्यात डुंबणारी, नदीकाठची म्हैस पहिल्यांदा माणसाळली ती भारतीय उपखंडातच. जगातल्या निम्म्याहून जास्त म्हशी आजही भारतात आहेत. २०१९ च्या पशुगणनेत त्यांची संख्या जवळपास ११ कोटी भरली. इटलीत त्या काही लाख. एवढ्याशा म्हशींवर त्यांनी जगभर नाव कमावलं.

पलूस तालुक्याला म्हैस शिकवायला नको. कृष्णाकाठचं भिलवडी याच तालुक्यात. भास्कर गणेश चितळे यांनी १९३९ मध्ये तिथे डेअरी उभी केली. पुणे-मिरज लोहमार्गावरचं स्टेशन हे तिथे येण्याचं मोठं कारण. पुढे १९५० मध्ये पुण्यात चितळे बंधूंचं दुकान निघालं आणि बाकीचा इतिहास पुणेकर न विचारताही सांगतात. आज तालुक्यात सकाळ-संध्याकाळ कोणत्याही संकलन केंद्रावर उभं राहावं. किटल्या घेऊन रांग लागलेली असते, मशीनवर आकडा उमटतो, आणि फॅट सहाच्या खाली दिसलं की घालणाऱ्याचा चेहरा पडतो, कारण म्हशीच्या दुधाचा दर ६ फॅट आणि ९ एसएनएफ (फॅट सोडून दुधातला बाकीचा घन भाग) धरून काढतात. गळिताच्या दिवसांत उसाचं वाडं खाणाऱ्या या म्हशींत मुऱ्हा आहेत, तशा लांब तलवारी शिंगांच्या पंढरपुरीही आहेत. मोझरेलाला लागणारं दूध ते हेच.

मग इथे घरोघरी मोझरेला का होत नाही? कारण आपण दूध तापवतो. चांगली उकळी आणून, साय धरेपर्यंत. संकलन केंद्रावर एका मामींना सांगून पाहिलं की या चीजसाठी दूध उकळायचं नाही, तर त्या म्हणाल्या, "न तापवता ठिवलं तर नासंल की वो!" त्यांचं बरोबरच आहे. इथला उन्हाळा बघता उकळणं ही सोय होती, आणि कच्च्या दुधातून रोगही होतात. पण उकळलेल्या दुधाचं पनीर होतं, मोझरेला होत नाही.

याचं कारण दुधातल्या प्रथिनांत आहे. घट्ट भाग बनवणारं केसीन वेगळं आणि निवळीत राहणारी प्रथिनं वेगळी. दूध उकळलं की निवळीतली प्रथिनं उलगडतात आणि केसीनच्या कणांना चिकटून बसतात. मग लिंबू पिळलं की सगळंच एकत्र फाटतं. हे झालं पनीर. ते तळलं तरी वितळत नाही. मोझरेलात केसीन मोकळं हवं. ते रेनेट नावाच्या एन्झाइमने गोठवतात. रेनेट पूर्वी वासराच्या पोटातून काढत, आता सूक्ष्मजीवांपासून केलेलं शाकाहारी रेनेट मिळतं. त्यात बेताची आंबटाई आली की केसीनमधलं थोडं कॅल्शियम सुटतं आणि गरम पाण्यात तो गोळा तुटण्याऐवजी ताणायला लागतो. ही कला आपल्या देशात अगदीच अनोळखी नाही. जम्मूकडे उधमपूरची कलाडी अशीच ताणून करतात आणि तव्यावर भाजून खातात.

तर मधला मार्ग असा. ताजं म्हशीचं दूध २ लिटर घ्यावं. मोठ्या पातेल्यातल्या पाण्यात दुधाचं पातेलं ठेवून दूध ६३ अंशांपर्यंत न्यावं आणि अर्धा तास तिथेच राखावं. हे पाश्चरीकरण, यात जंतू मरतात आणि प्रथिनं फारशी बिघडत नाहीत. स्वयंपाकाचा थर्मामीटर घेतल्याशिवाय या भानगडीत पडू नये. बोट बुडवून ६३ अंश कळत नाहीत. पिशवीतलं साधं पाश्चराइज्ड दूध चालतं, महिनोन्महिने टिकणाऱ्या खोक्यातलं चालत नाही, कारण ते फार वर तापवलेलं असतं.

दूध पूर्ण गार करून घ्यावं. पाऊण ते एक छोटा चमचा सायट्रिक ॲसिड, म्हणजे किराणा दुकानातलं लिंबूसत्त्व, अर्ध्या कप पाण्यात विरघळवून त्यात ढवळत घालावं. दूध गार नसेल तर ते इथेच फाटतं. मग मंद आचेवर ३२ अंशांपर्यंत आणून, उकळून गार केलेल्या थोड्या पाण्यात पाकिटावर दिलेल्या प्रमाणात रेनेट मिसळून घालावं, दोन-चार वेळा हलवावं आणि झाकून ठेवावं. पंधराएक मिनिटांत खरवसासारखं घट्ट होतं. सुरीने चौकोन पाडून ४० अंशांपर्यंत हलकं गरम करावं, निवळी गाळून घ्यावी.

आता सगळ्यात मजेचा भाग. गोळ्यावर ८० अंशांच्या आसपासचं खारं पाणी ओतायचं आणि लाकडी पळीने दुमडत राहायचं. सुरुवातीला नुसता चुरा दिसतो, आपलं चुकलं असं वाटतं. मग चुरा एकमेकांना धरतो, मऊ होतो, एकदम चकाकी येते आणि पळी उचलली की लांबच लांब पदर खाली उतरतो. तुटला तर पाणी पुरेसं गरम नाही, ओतून नवं घ्यावं. हाताला चटका बसतोच, जाड रबरी हातमोजे घातलेले बरे. फार मळलं तर चीज चिवट होतं, म्हणून चकाकी आली की थांबावं, गोळे वळावेत आणि थोडी निवळी घातलेल्या गार मिठाच्या पाण्यात सोडावेत. दोन लिटरला पाव किलोहून जास्त चीज निघायला हरकत नाही. ते दुसऱ्या दिवसापर्यंत संपवावं. दुकानात मिळणारी पिझ्झ्याची मोझरेलाची वडी या कामाची नाही; ती वितळण्यासाठी पाणी कमी ठेवून केलेली असते आणि कच्ची खाल्ली तर खोडरबर.

टोमॅटोचं दुखणं वेगळं आहे. पलूस, वाळवा भागात टोमॅटो चांगला होतो, पण शेतकरी तोडा करतो तो रंग नुकता फिरायला लागल्यावर, कारण कॅरेटमधून दूरच्या बाजारात जाईपर्यंत फळ टिकायला हवं. जाड सालीचे वाणही त्याचसाठी. शेतकऱ्याला नावं ठेवण्यात अर्थ नाही. चव बघून दर देणारी अडत अजून निघालेली नाही. पण ज्याचं शेत ओळखीचं आहे त्याने वेलीवर पूर्ण पिकलेली, बोटाला किंचित मऊ लागणारी फळं मागून घ्यावीत. तार-काठीच्या प्लॉटात अशी फळं असतातच, व्यापाऱ्याला नको म्हणून राहिलेली. चपटी, कडांना वळ्या असलेली गावठी मिळाली तर फारच छान.

आणि ती फ्रिजमध्ये ठेवू नयेत. फ्लोरिडा विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१६ मध्ये दाखवून दिलं की टोमॅटो आठवडाभर ५ अंशांत ठेवला तर त्याचा वास घडवणारी जनुकं मंदावतात आणि फळ बाहेर काढल्यावरही तो वास पुरता परत येत नाही. गोडी आणि आंबटपणा राहतो, पण ज्यामुळे टोमॅटो टोमॅटो वाटतो ते जातं. बेसिलचंही तेच, थंडीत पानं काळी पडतात. पदार्थाला 'थंड' म्हणतात खरं, पण तिघांपैकी दोघांना फ्रिज सोसत नाही, आणि चीजही वाढण्याआधी तासभर बाहेर काढून ठेवलेलं बरं. गार म्हणजे माठातल्या पाण्याइतकं.

बेसिल कुठून आणायचं? फालुद्यात घालतो तो सब्जा म्हणजे बेसिलचंच बी. किराणा दुकानातला मूठभर सब्जा कुंडीत भुरभुरला तर आठवड्याभरात उगवतो. त्याचा वास इटालियन जातीपेक्षा थोडा बडीशेपेकडे झुकतो, मला तो आवडतो. ज्यांना तंतोतंत हवं त्यांनी रोपवाटिकेतून इटालियन बी आणावं. मंजिऱ्या दिसल्या की खुडाव्यात, नाहीतर पानं कडवट होतात. अंगणातली तुळस मात्र घालू नये. भावनेचा प्रश्न आहेच, नैवेद्यावर ठेवायचं पान कोशिंबिरीत कोण टाकेल. पण चवीनेही ती बसत नाही. तिच्यातला लवंगेसारखा तिखट वास दुधाला दाबून टाकतो.

जुळवणी पाच मिनिटांची. टोमॅटोच्या अर्धा बोट जाड चकत्या करून मीठ लावून दहा मिनिटं ठेवाव्यात, सुटलेलं पाणी फेकू नये. चीजच्या तेवढ्याच जाड चकत्या मधे मधे लावाव्यात, बेसिल हाताने तोडून घालावं. सुरीने चिरलं की कडा काळ्या होतात. तेल घालताना मात्र हात आखडू नये. ऑलिव्हचं असेल तर उत्तमच. नसेल तर घाण्याचं शेंगतेल घालून पाहावं. इटालियन माणूस कपाळाला हात लावेल, पण टोमॅटोच्या आंबटपणाशी ते झकास जमतं. लिंबू नको, आणि हॉटेलवाले वरून ओढतात त्या काळ्या गोड सिरपच्या रेघा तर अजिबात नकोत.

पलूसने युरोपशी एकदा आधीही सोयरीक जुळवून पाहिली आहे. राज्याच्या २००१ च्या धोरणात दोन वाइन पार्क ठरले, नाशिककडे विंचूर आणि इकडे पलूस. द्राक्षं इथे होतीच, पण नाव झालं ते नाशिकचं. वाइनला परवाने लागतात, भांडवल लागतं, गिऱ्हाईक परगावचं लागतं. मोझरेलाला लागतं ते सगळं मिळून दोन पातेली, एक थर्मामीटर आणि सकाळी डेअरीला घालण्याआधी बाजूला काढलेलं दोन लिटर दूध. उरलेल्या निवळीत ज्वारीची उकड काढावी किंवा कणीक भिजवावी, आंबूस चपात्या छान फुगतात.