न्यायालय शुल्क : स्थावर मालमत्ता व गहाणविषयक दावे

दिवाणी न्यायालयात दावा, अपील वा अर्ज दाखल करताना पक्षकाराने शासनाला द्यावयाच्या रकमेस न्यायालय शुल्क म्हणतात. काही कागदपत्रांवर ते ठरावीक असते, तर इतरांवर वादविषयाच्या मूल्यानुसार आकारले जाते. स्थावर मालमत्तेच्या दाव्यांत बहुधा दुसरा प्रकार लागू होतो. तथापि येथे मूल्य म्हणजे नेहमीच बाजारभाव नव्हे. वादीने कोणती मागणी केली आहे, हे पाहून मूल्य काढण्याची रीत कायद्यानेच ठरवून दिलेली आहे.

ऐतिहासिक पार्श्वभूमी : नागपूरचे भोसले राज्य १८५४ मध्ये खालसा झाल्यावर भंडारा प्रदेश ब्रिटिश अंमलाखाली आला व १८६१ मध्ये मध्य प्रांतात समाविष्ट झाला. १८७० च्या न्यायालय शुल्क अधिनियमानुसार शासनास सारा देणाऱ्या जमिनीचे मूल्य कायम जमाबंदी असल्यास वार्षिक साऱ्याच्या दहापट व मुदतीची जमाबंदी असल्यास पाचपट धरले जाई. सारा न देणाऱ्या जमिनीसाठी निव्वळ उत्पन्नाची पंधरापट हे प्रमाण होते. मालगुजारी पद्धतीत गावाचा सारा मालगुजार भरीत असे. त्यामुळे साऱ्याचा आकडा दप्तरात सहज सापडे व बाजारभावाविषयीचा वाद टळे. १९५१ मध्ये मालगुजारी संपुष्टात आली. १ नोव्हेंबर १९५६ रोजी जिल्हा द्वैभाषिक मुंबई राज्यात आला आणि १ ऑगस्ट १९५९ पासून त्या राज्याचा नवा न्यायालय शुल्क अधिनियम येथे लागू झाला. तोच आता महाराष्ट्राच्या नावाने ओळखला जातो.

ताबा, जाहीरनामा व वाटणी : घर किंवा बाग यांच्या ताब्याच्या दाव्यात बाजारभाव विचारात घेतात; सारा भरणाऱ्या शेतजमिनीचे मूल्य मात्र आकारणीच्या ठरावीक पटीत काढतात. भंडारा जिल्ह्यात तलावाच्या पाण्याखालील धानाची जमीन व कोरडवाहू जमीन यांच्या किमतींत मोठी तफावत असली, तरी शुल्कापुरता आधार आकारणीचाच असतो. मालकीहक्काचा केवळ जाहीरनामा मागितल्यास ताब्याच्या दाव्यावरील शुल्काच्या एक-चतुर्थांश, त्यासोबत ताब्याव्यतिरिक्त अन्य मागणी केल्यास निम्मे व ताबाही मागितल्यास पूर्ण शुल्क द्यावे लागते. शुल्क वाचविण्यासाठी ताबा गमावलेल्या वादीने केवळ जाहीरनामा मागणे धोक्याचे ठरते. कारण १९६३ च्या विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाप्रमाणे पुढील मागणी शक्य असूनही ती टाळणाऱ्यास जाहीरनामा मिळत नाही. वाटणीच्या दाव्यात संपूर्ण मिळकतीचे नव्हे, तर वादीच्या हिश्श्याचे मूल्य धरतात.

गहाणविषयक दावे : गहाण सोडवून घेण्याच्या दाव्यात, तसेच सोडवणुकीचा हक्क बंद करून घेण्यासाठी गहाण घेणाऱ्याने आणलेल्या दाव्यात, गहाणखतात नमूद केलेल्या मुद्दलावर शुल्क आकारण्याचे तत्त्व १८७० पासूनचे आहे. समजा, साकोली तालुक्यातील एक शेत १०,००० रुपयांस ताबेगहाण दिले व पुढे त्याची किंमत १० लक्ष रुपये झाली. ते सोडविताना शुल्क १०,००० रुपयांवरच आकारले जाईल. याउलट गहाण घेणारा मालमत्ता विकून पैसे वसूल करू पाहील, तर तो पैशाचा दावा समजून मुद्दल व दाव्यापर्यंतचे व्याज मिळून मागितलेल्या एकूण रकमेवर शुल्क बसते; व्याज १४,००० रुपये झाले असल्यास २४,००० रुपयांवर. पहिल्या नियमामुळे जमिनीचे भाव वाढले तरी कर्जदार शेतकऱ्याला आपली जमीन परत मागण्याचा मार्ग महाग होत नाही.

शुल्कासाठीचे मूल्य व न्यायालयाची अधिकारिता ठरविणारे मूल्य ही सर्वच दाव्यांत एक नसतात. ती एकच धरण्याचा नियम १८८७ च्या दावे मूल्यांकन अधिनियमात असला, तरी जमिनीच्या ताब्याचे व गहाणाचे दावे त्यातून वगळलेले होते.

कमी मूल्यांकन व सवलती : मूल्य कमी दाखविले किंवा शुल्क अपुरे भरले, तर न्यायालय दुरुस्तीसाठी मुदत देते, ती न पाळल्यास वादपत्र नाकारले जाते. त्यानंतर नवा दावा आणता येतो, परंतु दरम्यान कायद्याची मुदत संपल्यास हक्क असूनही दाद मिळत नाही. शुल्काचा प्रश्न मुख्यतः वादी व शासन यांच्यामधील असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने १९६१ मध्ये रत्नवर्मराजा विरुद्ध विमला या प्रकरणी स्पष्ट केले.

शुल्क भरण्याइतके साधन नसलेल्यास निर्धन वादी म्हणून दावा चालविण्याची परवानगी दिवाणी प्रक्रिया संहितेनुसार मागता येते. ही कायमची माफी नव्हे. दावा जिंकल्यास शुल्काचा पहिला बोजा वादविषयावर पडतो. महाराष्ट्र शासनाने १ ऑक्टोबर १९९४ च्या अधिसूचनेने पोटगी, मालमत्ता, हिंसाचार व घटस्फोट यांसंबंधीच्या प्रकरणांत स्त्रियांना शुल्कमाफी दिली. तिच्या व्याप्तीचा अर्थ न्यायनिर्णयांचा विषय झाला आहे. राज्यातील शुल्काची कमाल मर्यादा २०१८ मध्ये ३ लक्ष रुपयांवरून १० लक्ष रुपये करण्यात आली. यशस्वी पक्षकाराला भरलेले शुल्क सामान्यतः खर्चाच्या रूपाने परत मिळू शकते. पण ते आधी भरावे लागत असल्याने मूल्यांकनाचे नियम हे न्याय मागण्याच्या सामर्थ्याशीच निगडित आहेत.